स्वप्नात हवा नसते, मग आवाज कशाचा?

समजा, एक कला आहे. तिचा कलाकार रात्री झोपतो, स्वप्नात शिरतो आणि तिथे आवाज घडवतो. पावसाच्या आवाजाची भिंत उभी करतो, देवळातल्या घंटेचा विरत जाणारा नाद लांबवून त्यावरून चालत पलीकडे जातो, कुणाचं तरी हसू खोलीभर पसरून ठेवतो. सकाळी उठतो तेव्हा यातलं काहीच दाखवायला उरलेलं नसतं. सोयीसाठी या कलेला नादशिल्प म्हणू.

अशी कला आज कुठे शिकवत नाहीत. पण झोपेच्या अभ्यासात गेल्या दीडशे वर्षांत जे सापडलंय ते पाहिलं, तर तिची निम्मी हत्यारं कधीच तयार झाली आहेत. ती कोणती, आणि गाडी नेमकी कुठे अडते, हे समजून घ्यायचं तर सुरुवात कच्च्या मालापासून करावी लागेल.

जागेपणीचा आवाज म्हणजे हवेची हालचाल. तबल्यावर थाप पडते, पुडी थरथरते, आसपासच्या हवेचा दाब भराभर कमीजास्त होतो आणि ती लाट कानाच्या पडद्यावर येऊन आदळते. पडद्यामागे हातोडी, ऐरण आणि रिकीब ही तीन चिमुकली हाडं असतात. ती हा थरथराट आतल्या शंखासारख्या नळीत पोहोचवतात. तिथल्या केसपेशी त्याचे विजेचे संदेश बनवतात. इथून पुढे हवा संपली, थरथर संपली. आता फक्त मज्जातंतूंमधून धावणारे संदेश. ते कानशिलाच्या आतल्या बाजूला असलेल्या श्रवणकेंद्रात पोहोचतात, आणि तेव्हा कुठे आपल्याला 'धा' ऐकू येतो.

स्वप्नात या प्रवासाचा पहिला अर्धा भाग होतच नाही. स्वप्नातल्या तबल्याला पुडी नसते, स्वप्नातल्या खोलीत हवा नसते. तरी 'धा' ऐकू येतो, कारण दुसरा अर्धा भाग पहिल्यावाचून चालू शकतो. हे काही नुसतं तर्काने म्हणायचं नाही. कॅनडात माँट्रियल इथे वाइल्डर पेनफिल्ड हे मेंदूशल्यचिकित्सक अपस्माराच्या रुग्णांवर त्यांना जागं ठेवून शस्त्रक्रिया करत. कानशिलाजवळच्या भागाला त्यांनी विजेचा हलका स्पर्श केला की काही रुग्णांना गाणं ऐकू येई, कुणाला ओळखीच्या माणसाचा आवाज. खोलीत अर्थातच कुणी गात नसे. 2005 मध्ये अमेरिकेतल्या संशोधकांनी आणखी साधा प्रयोग केला. लोकांना गाणी ऐकवली आणि मधेमधे काही सेकंद आवाज बंद केला. गाणं ओळखीचं असेल तर त्या शांततेतही श्रवणकेंद्र कामाला लागलेलं दिसलं. ऐकणाऱ्यांच्या मनात गाणं थांबलंच नव्हतं.

खरं तर जागेपणीही आपण जे ऐकतो त्यातला बराच भाग मेंदूने स्वतःच्या पदरचा घातलेला असतो. जुन्या लँडलाइनच्या तारेतून साधारण 300 ते 3400 हर्ट्झ, म्हणजे सेकंदाला तेवढी कंपनं, एवढेच आवाज जायचे. पुरुषाच्या बोलण्यातला मूळ स्वर त्याच्या बराच खाली, शंभर-सव्वाशे हर्ट्झच्या आसपास असतो. म्हणजे परगावाहून वडिलांचा फोन यायचा तेव्हा त्यांच्या आवाजाचा पाया तारेतून आपल्यापर्यंत कधी आलाच नाही. आले ते फक्त वरचे स्वरांश, म्हणजे मूळ स्वराबरोबरच निघणारे, त्याच्या दुप्पट, तिप्पट, चौपट कंपनांचे बारीक स्वर. त्यांच्यातली अंतरं पाहून मेंदूने खालचा स्वर स्वतःच भरून काढला, आणि आपण म्हणालो, "बाबांचा आवाज आज जरा बसलेला वाटतोय." पायाच गायब असलेल्या आवाजाबद्दल एवढी बारीक तक्रार!

तानपुऱ्यात याच्या उलट घडतं. नीट जवारी काढलेल्या, म्हणजे तारेचा नाद खुलेल अशी घोडी घासून घेतलेल्या तानपुऱ्याच्या खर्जाच्या तारेतून गंधार ऐकू येतो. तो कुणी छेडलेला नसतो. त्याला स्वयंभू गंधार म्हणतात. तो भास नव्हे, त्या तारेचा पाचवा स्वरांश असतो, अगदी मोजता येण्यासारखा. पण नव्या विद्यार्थ्याला तो दिवसच्या दिवस सापडत नाही. गुरुजी म्हणतात, तिकडे लक्ष दे. एके दिवशी तो ऐकू येतो आणि मग तो कानातून जाता जात नाही. टेलिफोनमध्ये नसलेला स्वर अपेक्षेमुळे उभा राहिला, तानपुऱ्यात असलेला स्वर लक्ष गेल्यावर उभा राहिला. अपेक्षा आणि लक्ष, नादशिल्पीची खरी हत्यारं हीच. जागेपणी त्यांना हवेतल्या लाटांचा लगाम असतो, स्वप्नात तो सुटतो. म्हणून स्वप्नात स्वर 'काढायचा' नसतो. तो आहेच, अशी मेंदूची खात्री पटवायची असते. माझ्या मते या साऱ्या विषयाची किल्ली इथेच आहे, आणि पुढचं जवळजवळ सगळं यातूनच निघतं.

पण मेंदूच्या मनात स्वप्नात मुळात किती आवाज असतो? लोकांना झोपेतून उठवून विचारलं, तर स्वप्नात दृश्य जवळजवळ नेहमी असतं आणि आवाज निम्म्याहून अधिक वेळा, त्यातही बोलणंच जास्त. त्या बोलण्याचीही गंमत असते. स्वप्नात मावशी काय म्हणाली ते आपल्याला पक्कं ठाऊक असतं, पण तिचा आवाज ऐकला होता का, असं विचारलं की आपण घुटमळतो. अर्थ पोहोचतो, ध्वनी गळून पडतो. जन्मापासून अंध असलेल्यांची स्वप्नं मात्र आवाजावर आणि स्पर्शावरच उभी असतात. ही कला खरोखर आली, तर डोळसांनी त्यांच्याकडेच शिकवणी लावावी.

आता स्वप्नाच्या बाहेरून काय करता येतं ते पाहू. डोळ्यांना पापण्या आहेत, कानांना नाहीत. झोपलेला कान ऐकत राहतो आणि मेंदू त्यातलं निवडून घेतो. 1960 मध्ये इंग्लंडमधल्या संशोधकांनी झोपलेल्या लोकांना नावांची यादी ऐकवली. मेंदूच्या विद्युतलहरींमध्ये सर्वांत मोठी खळबळ उडाली ती स्वतःचं नाव आलं तेव्हा. 1972 मध्ये तर अजबच गोष्ट नोंदली गेली. मधल्या कानात दोन बारीक स्नायू असतात. जागेपणी मोठा आवाज आला किंवा आपण स्वतः बोलू लागलो की ते आवळले जातात आणि आतल्या नळीला सांभाळतात. ज्या झोपेत बहुतेक ठसठशीत स्वप्नं पडतात, डोळे पापण्यांआड भिरभिरत असतात, त्या आरईएम झोपेत हे स्नायूही मधूनमधून आवळतात. खोली मात्र शांत असते. डोळे स्वप्नातली दृश्यं पाहतात तसे कान स्वप्नातले आवाज झेलतात की काय, असं वाटल्याशिवाय राहत नाही. पण हे वाटणं झालं, सिद्धता नव्हे.

बाहेरचा आवाज स्वप्नात गेल्यावर त्याचं काय होतं, हे सर्वांत रंगतदारपणे टिपलं ते एकोणिसाव्या शतकातल्या दोन फ्रेंच विद्वानांनी. आल्फ्रेद मोरी झोपायचे आणि मदतनिसाला आपल्यावर नाना प्रयोग करायला सांगायचे. एकदा त्यांच्या कानाजवळ चिमट्यावर कात्री घासून तो किणकिणवला. मोरींना स्वप्नात घंटा ऐकू आल्या, त्या घंटांची धोक्याची घंटा झाली, आणि ते थेट 1848 च्या जूनमधल्या पॅरिसच्या उठावात जाऊन पोहोचले. आत शिरला एक बारीकसा धातूचा आवाज, बाहेर आलं अख्खं बंड.

दुसरे मार्की द'एर्वे द सँ-दनी. पेशाने चिनी भाषेचे पंडित, छंद स्वप्नांचा. 1867 मध्ये त्यांनी स्वप्नं कशी हाकावीत यावर चक्क एक ग्रंथ लिहिला, तोही निनावी. त्यातली युक्ती ऐका. नृत्यसमारंभांत ते दोन ठराविक स्त्रियांबरोबर नाचत, आणि वाद्यवृंदाच्या प्रमुखाला त्यांनी सांगून ठेवलेलं, की हिच्याबरोबर नाचताना अमुक वॉल्ट्झ वाजवायचा आणि तिच्याबरोबर तमुक. नंतर हे दोन्ही वॉल्ट्झ वाजवणारी संगीतपेटी त्यांनी रात्री गजराच्या घड्याळाला जोडली. ज्या धूनची रात्र, ती स्त्री स्वप्नात हजर. दरवेळी नाचायलाच येत असे असं नाही, पण येत असे. हल्ली प्रयोगशाळांत जागेपणी शिकलेलं पक्कं करण्यासाठी त्याच्याशी आधीच जोडून ठेवलेले आवाज झोपेत हळूच वाजवतात, त्याचा हा रसिक पूर्वज म्हणायला हरकत नाही.

या गोष्टी वाचून फार हुरळून जायला नको. 1958 मध्ये अमेरिकेत विल्यम डिमेंट आणि एडवर्ड वोल्पर्ट यांनी आरईएम झोपेतल्या लोकांवर तीन गोष्टी करून पाहिल्या. अंगावर पाण्याचा फवारा, डोळ्यांवर प्रकाश आणि कानाशी 1000 हर्ट्झचा एकसुरी स्वर. मग त्यांना उठवून स्वप्न विचारलं. पाणी स्वप्नात शिरलं 42 टक्के वेळा, प्रकाश 23 टक्के, आणि स्वर फक्त 9 टक्के. आवाज सपशेल शेवटून पहिला! मला यात नवल वाटत नाही. एकसुरी 'पीं'ला ना अर्थ असतो, ना आठवण. नावाला असते, वॉल्ट्झला असते, जोडीदारासकट असते. म्हणूनच 'रात्रभर अमुक हर्ट्झ लावा आणि हवं ते स्वप्न पाहा' असल्या व्हिडिओंवर माझा काडीचा विश्वास नाही. स्वप्नाच्या दारावर पहारा आहे तो अर्थाचा. आकड्यांना तिथे कुणी ओळखत नाही.

बाहेरून ढकलणं एवढंच असतं, तर नादशिल्पाला कला म्हणता आलं नसतं. घडवणारा आत हवा, आणि आपण स्वप्नात आहोत हे त्याला कळलेलं हवं. अशा स्वप्नाला ल्युसिड ड्रीम म्हणतात, मराठीत जागृत स्वप्न म्हणू. ते वाटतं तितकं दुर्मीळ नाही. पन्नास वर्षांतल्या पाहण्या एकत्र करून 2016 मध्ये काढलेल्या अंदाजानुसार सुमारे 55 टक्के लोकांनी ते आयुष्यात एकदा तरी अनुभवलेलं असतं.

आपल्याकडच्या वाचकाला तर ही कल्पना परकी वाटू नये. बृहदारण्यक उपनिषद सांगतं, की स्वप्नात रथ नसतात, घोडे नसतात, रस्तेही नसतात. झोपलेला ते स्वतःच निर्माण करतो, कारण तोच कर्ता. आणि तुकोबांच्या अभंगात नामदेव पांडुरंगाला बरोबर घेऊन स्वप्नात येतात, तुकोबांना स्वप्नातच जागं करतात आणि कवित्व करायला सांगतात. स्वप्नातलं जागेपण आणि त्यातून मिळालेलं निर्मितीचं काम, दोन्ही तिथे एकत्र आहेत.

विज्ञानाला मात्र पुरावा हवा होता, आणि झोपलेला माणूस सांगणार कसा? आरईएम झोपेत शरीराचे बहुतेक स्नायू लुळे पडलेले असतात. डोळे मात्र हलतात. इंग्लंडमधल्या हल विद्यापीठात कीथ हर्न यांनी 1975 मध्ये हीच फट पकडली. स्वप्नात जाग आली की डोळे ठरलेल्या खुणेने डावीकडे-उजवीकडे फिरवायचे, असं आधी ठरवून घेतलं, आणि यंत्रावर ती खूण उमटली. हर्न यांचं काम ठाऊक नसतानाच काही वर्षांनी स्टॅनफर्डमध्ये स्टीफन लाबर्ज यांनी तेच दाखवलं आणि ते पुष्कळ पुढे नेलं. आपल्या विषयाला त्यांचा 1982 चा एक प्रयोग फार जवळचा. जागृत स्वप्नात आधी गायचं, मग आकडे मोजायचे. गाताना मेंदूची उजवी बाजू अधिक कामात दिसली, मोजताना डावी. माणसं अगदी मोजकी होती, त्यामुळे फार मोठा निष्कर्ष काढू नये. पण स्वप्नातलं गाणं ही मेंदूत खरोखर घडणारी कृती आहे, उठल्यावर रचलेली गोष्ट नाही, एवढं त्यातून दिसतं.

2021 मध्ये आणखी एक दार उघडलं. अमेरिका, फ्रान्स, जर्मनी आणि नेदरलँड्समधल्या चार प्रयोगशाळांनी 36 जणांच्या स्वप्नांत बाहेरून प्रश्न पाठवले. आठातून सहा गेले तर किती? झोपलेल्याने डोळे दोनदा फिरवून उत्तर दिलं. बरोबर उत्तरं साधारण पाचातून एकदाच आली, पण आली. उठल्यावर लोकांनी सांगितलं, की प्रश्न कधी आकाशवाणीसारखा वरून आला, तर एकाला तो गाडीतल्या रेडिओवर ऐकू आला. हा रेडिओ मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो. स्वप्नाने बाहेरच्या आवाजाला नुसतं आत घेतलं नाही, त्याला देखाव्यात बसेल असं घर दिलं.

म्हणजे नादशिल्पीचा रियाज कसा असेल, याची कल्पना करता येते. 'आता सारंगी वाज!' असा हुकूम सोडणं हा कच्चा मार्ग. जागृत स्वप्नं पाहणारे अनुभवी लोक सांगतात, की हवी ती वस्तू हवेतून काढण्यापेक्षा ती बंद दारामागे आहे असं धरून दार उघडणं सोपं जातं. मग आवाजाचंही तसंच. दाराशी उभं राहायचं, आत भजन रंगलंय अशी मनाची खात्री होऊ द्यायची, कडी काढायची. टाळ ऐकू येतील. मृदंग मोठा करायचा असेल तर त्याच्या जवळ जायचं. जवळ गेल्यावर आवाज वाढतो हे मेंदूला जन्मभर माहीत आहे, ते काम तोच करून टाकेल.

रियाज पुढे सरकला की ओळखीचे नियम एकेक करून काढून घ्यायचे. जागेपणी आवाजाची दिशा कळते, कारण तो एका कानाला दुसऱ्यापेक्षा किंचित आधी पोहोचतो. हा फरक जास्तीत जास्त सेकंदाच्या हजाराव्या भागाच्या दोनतृतीयांश एवढा. स्वप्नात हे गणित करायचं कारणच नाही. तेव्हा आवाज वस्तूच्या आधी येऊ शकतो, कालच्या दिवसाच्या दिशेने येऊ शकतो, त्याला वजन किंवा उंबरठा असू शकतो. कायम चढत राहणारा, पण कधीच वर न पोहोचणारा स्वर हवा? तो तर जागेपणीही मिळतो. रॉजर शेपर्ड यांनी 1964 मध्ये तो बनवून दाखवला. सप्तकांच्या अंतरावरचे अनेक स्वर एकदम वर न्यायचे, वरचे हळूहळू विरवायचे, खालून नवे तितक्याच हळू आत सोडायचे. ऐकणाऱ्याला चढणच चढण वाटत राहते. नादशिल्पात हा पहिल्या वर्षाचा धडा असावा.

एवढं सगळं जमलं तरी एक मोठी अडचण उरते. व्हायोलिनवादक ज्युझेप्पे तार्तिनी यांनी सांगितलेली हकिगत प्रसिद्ध आहे. 1713 मध्ये एका रात्री त्यांच्या स्वप्नात सैतान आला आणि त्याने त्यांचंच व्हायोलिन असं काही वाजवलं, की तार्तिनींचा श्वास अडकला आणि ते जागे झाले. लगेच व्हायोलिन उचलून त्यांनी ते पकडायचा प्रयत्न केला. त्यातून जी रचना झाली ती त्यांची सर्वांत चांगली ठरली, पण स्वप्नात ऐकलेल्यापुढे ती काहीच नाही, असं त्यांचं म्हणणं.

इथे जरा थांबून शंका घ्यायला हवी. सैतानाचं वादन खरंच तेवढं थोर होतं, की थोर वाटण्याची भावना तेवढी स्वप्नात चेतवली गेली होती? मावशीचं बोलणं आवाजाशिवाय पोहोचतं, तसं सौंदर्यही स्वरांशिवाय पोहोचत असेल. आरईएम झोपेत भावनांशी निगडित भाग जोरात असतात आणि चिकित्सा करणारा कपाळामागचा भाग मंदावलेला असतो. म्हणजे दाद द्यायला सभागृह भरलेलं आणि परीक्षक रजेवर. वर, आठवण पक्की करायला मदत करणारं नॉरएड्रेनालिन हे रसायन या झोपेत तळाला गेलेलं असतं, त्यामुळे जे घडलं ते उशीवरच सांडतं.

तरी सगळंच भास म्हणून सोडून देता येत नाही. 1960 च्या दशकात 'बीटल्स' या बँडमधले पॉल मॅकार्टनी लंडनमध्ये एका सकाळी डोक्यात अख्खी चाल घेऊन उठले आणि पलंगाजवळच्या पियानोवर त्यांनी ती वाजवून पाहिली. चाल इतकी पूर्ण होती, की ती आपण कुठेतरी ऐकलेली असणार या धास्तीने ते बरेच दिवस लोकांना विचारत फिरले. ती कुणाचीच नव्हती. 1965 मध्ये ती 'यस्टरडे' म्हणून जगासमोर आली. इटलीतल्या फ्लॉरेन्सच्या संशोधकांनी 2006 मध्ये संगीतकारांच्या आणि इतरांच्या स्वप्नांची तुलना केली. संगीतकारांना संगीताची स्वप्नं दुपटीहून जास्त पडत, आणि त्यातलं निम्म्याच्या जवळपास संगीत ओळखीचं, ठरलेलं नव्हतं. दिवसभरात किती वाजवलं यावर हे अवलंबून नव्हतं. कोणत्या वयात शिकायला सुरुवात केली, यावर होतं.

तेव्हा ज्यांना हे करून पाहायचं आहे त्यांनी उठल्याबरोबर अंग हलवू नये, फोनवरचा रेकॉर्डर चालू करून आधी चाल गुणगुणावी आणि स्वप्नातली गोष्ट नंतर लिहावी. शब्द आधी आले की ते सुरांना ढकलून देतात. आणि जागृत स्वप्नासाठी पहाटे मुद्दाम झोपमोड करण्याच्या युक्त्या सर्रास सुचवल्या जातात, त्या रोज वापरू नयेत. झोप कलेपेक्षा मोठी आहे.

आत पाठवायची वाट सापडली, आत घडवायची वाट दिसते आहे. बाहेर काढायची वाट मात्र अजून जागं होऊन गुणगुणण्यातूनच जाते. याला अपवाद कदाचित लयीचा. जागृत स्वप्नात श्वास रोखला किंवा भराभर घेतला, तर पलंगावरच्या शरीराचा श्वासही तसाच बदलतो, हे लाबर्ज यांनी दाखवलंय. डोळे तर आधीपासूनच बोलतात. शिवाय स्वप्नात एक ते दहा मोजायला साधारण जागेपणीइतकाच वेळ लागतो. म्हणजे कुणी स्वप्नात तीनतालाची सोळा मात्रांची आवर्तनं धरली आणि प्रत्येक समेला डोळे डावीकडे फिरवले, तर शेजारच्या खोलीत बसलेल्या माणसाला कागदावर सम मोजता येईल. सूर आतच राहतील. पण लय कितीची धरली होती, कुठे चढली, हे तो झोपलेला उठण्याआधीच सांगू शकेल.